मार्तिनाच्या उड्या आणि आमची धांदल

एखाद्या क्लबच्या मैदानावर तुम्ही दर मंगळवारी आणि गुरुवारी नुसते उभे राहिलात, तरी दोन वर्षांत इतके किस्से जमतात की ऐकायला माणसं कमी पडतात. माझं तसंच झालंय. मी तोंड उघडलं की निखिल, म्हणजे माझा नवरा, "चहा टाकतो" म्हणून उठतो. माझ्या मुलीला, इराला, सगळे किस्से पाठ आहेत आणि ती मध्येच डचमध्ये चुका काढते. पण मराठी मंडळाच्या कार्यक्रमात हमखास कुणीतरी विचारतंच, "मंजिरी, ती इटालियन मुलगी तुमच्या क्लबात आली होती ना गं? उड्या मारणारी?"

आली होती म्हणजे काय! माझ्या अंगावरच आली होती. पण आधी मी तिथे कशी पोचले ते ऐका.

* * *

आम्ही नेदरलँड्समध्ये, आइंडहोवनजवळच्या बेस्ट नावाच्या गावात राहतो. इरा दहा वर्षांची झाली तेव्हा तिला जवळच्या अ‍ॅथलेटिक्स क्लबात घातलं. महिन्याभरात ईमेल आली, अर्थातच डचमध्ये. पालकांनीही आळीपाळीने क्लबचं काम करायचं असतं म्हणे. मी फोनवर भाषांतर केलं. माझ्या नावापुढे आलं, 'वाळूचा खड्डा सारखा करणे'.

मला वाटलं, छोट्या पोरांचा खेळायचा खड्डा असणार. मी घडीची खुर्ची, थर्मास आणि पुस्तक घेऊन गेले!

तिथे विम होते. सत्तरीचे, ताडमाड उंच, शाळेतून रिटायर झालेले पीटीचे मास्तर आणि आता क्लबचे उड्यांचे कोच. त्यांनी माझ्या हातातलं पुस्तक काढून घेतलं आणि त्या जागी एक भलंमोठं दाताळं दिलं. म्हणाले, "प्रत्येक उडीनंतर वाळू सपाट करायची."

मी म्हटलं, "पण इथे मुलं खेळतात ना?"

"नाही," विम म्हणाले. "इथे मुलं पडतात."

* * *

आइंडहोवनला ऑफिसात माझ्यासमोर पाओला बसते. दक्षिण इटलीतल्या एका छोट्या गावातून बदली होऊन आलेली इंजिनियर. सोबत सतरा वर्षांची मुलगी, मार्तिना.

पाओला एकदा कॉफी पिताना म्हणाली, "माझ्या मुलीला इथलं काही म्हणजे काही आवडत नाही. पाऊस आवडत नाही, ब्रेड आवडत नाही, मी तर अजिबातच आवडत नाही."

"मग काय आवडतं?"

"तिहेरी उडी."

म्हटलं, चला! या बाबतीत मी आता तज्ज्ञ आहे. गुरुवारी मी मार्तिनाला क्लबात घेऊन गेले. भुरभुर पाऊस, आडवा वारा. ती बाहीत हात खुपसून उभी. विमना तिने इंग्रजीत एकच प्रश्न विचारला, "हा पाऊस थांबतो कधी?"

"मे महिन्यात," विम म्हणाले. "कधीकधी."

तिहेरी उडीत धावत यायचं, लाकडी पट्टीवरून उडायचं, त्याच पायावर उतरायचं, मग दुसऱ्या पायावर आणि मग थेट वाळूत. लहान मुलांची पट्टी खड्ड्याजवळ असते, मोठ्यांची लांब. पोरगी नवीन, जमीन ओली, म्हणून विमनी तिला जवळच्या पट्टीवरून उडायला सांगितलं. तिथून उडणारी मुलं खड्ड्याच्या कडेलाच पडतात. त्यामुळे मी आपली निर्धास्तपणे खड्ड्याच्या मधोमध उभी होते, उद्याच्या डब्याला काय करावं याचा विचार करत.

मार्तिना धावली. उडाली. आणि येतच राहिली!

मी दाताळं टाकून पळाले. ती बरोबर तिथे उतरली जिथे एक सेकंदापूर्वी मी होते. केसांत वाळू, चष्म्यावर वाळू.

विम कुणाचं कधी कौतुक करत नाहीत. त्यांनी खड्ड्याकडे पाहिलं, मार्तिनाकडे पाहिलं, मग माझ्याकडे.

"मंजिरी," ते म्हणाले, "आजपासून तू बाहेर उभं राहायचं."

* * *

मार्तिनाची एक अडचण होती. तिची पहिली उडी झकास, तिसरी झकास, मधली मात्र घाईत उरकायची. विम डचमध्ये ओरडायचे, ती इटालियनमध्ये विचार करायची, आणि इंग्रजीत दोघंही भांडायचे.

एकदा मी न राहवून म्हटलं, "अहो, पहिली म्हणजे आमची लंगडी. मग लांब ढांग टाकायची. मग उडी."

इरा एरवी मी मराठीत काही विचारलं की डचमध्ये उत्तर देते. त्या दिवशी कडेला उभी राहून ती पहिल्यांदा सगळ्या मैदानाला ऐकू जाईल अशा मराठीत ओरडली, "लंगडी! ढांऽऽऽऽग! उडी!"

मार्तिनाला ती लय एकदम पटली. ढांग लांबवून म्हणायची असल्याने पाय तेवढा वेळ हवेत राहायचा. महिन्याभरात तिची मधली ढांग हातभर वाढली.

मग तिची पहिली मोठी इनडोअर स्पर्धा. धावण्याआधी ती डोळे मिटून काहीतरी पुटपुटत होती. तिथल्या एका वार्ताहराने विमना विचारलं, "ती काय म्हणतेय?"

विमना मराठी येत नाही आणि नाही येत असं सांगणंही त्यांना येत नाही. म्हणाले, "दक्षिणेकडचं काहीतरी आहे."

दोन दिवसांनी स्थानिक पेपरात मार्तिनाचा फोटो, आणि खाली, 'प्रत्येक उडीपूर्वी ती आपल्या गावची जुनी प्रार्थना म्हणते'!

* * *

त्याच स्पर्धेत मार्तिनाने क्लबचा तिहेरी उडीचा विक्रम मोडला. क्लबच्या कँटीनमध्ये विक्रमांची लाकडी पाटी आहे. त्यावर मुलींच्या तिहेरी उडीपुढे कित्येक वर्षं एकच नाव होतं, रीत. म्हणजे आमच्या कँटीनमध्ये कॉफी देणाऱ्या, विमच्या बायको!

हे मार्तिनाला माहीतच नव्हतं. मंगळवारी कुणीतरी सांगितलं तेव्हा तिचा चेहरा पडला. ती काउंटरपाशी जाऊन म्हणाली, "सॉरी."

रीतनी फडक्याला हात पुसले, खुर्ची ओढली, गुडघ्यावर हात देत वर चढल्या आणि आपल्या नावाची पट्टी स्वतः काढली. मार्तिनाची लावली. सरळ आहे का ते लांबून बघून घेतलं.

मग त्यांनी हातातलं फडकं मार्तिनाला दिलं.

"इतकी वर्षं ही पाटी मी पुसतेय," त्या म्हणाल्या. "आता तू पूस."

* * *

पुढच्या हिवाळ्यात मार्तिनाची टाच दुखायला लागली. इतकी की जिना उतरताना ती कठडा धरायची. पाओला तिला इथल्या फॅमिली डॉक्टरकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी टाच दाबून पाहिली.

"उड्या मारू नका."

"आणि दुसरं?"

"पॅरासिटामॉल."

तीन महिने उड्या बंद. गाडीत ती रडली, असं पाओलाने मला सांगितलं. आम्हाला वाटलं, आता ही काही येत नाही. पण ती दर मंगळवारी आणि गुरुवारी आली, आणि विमनी तिला इराच्या गटाला व्यायाम द्यायला उभं केलं. बारा बारा वर्षांच्या पंधरा पोरी! त्यांनी तिला डच शिकवलं. तीन महिन्यांत मार्तिना घडाघडा डच बोलायला लागली, फक्त बारा वर्षांच्या मुलीसारखं.

मग तिला नगरपालिकेत कसल्याशा कागदासाठी जावं लागलं. काउंटरवरच्या गृहस्थांनी चौथा फॉर्म पुढे केला, तेव्हा ती अत्यंत नम्रपणे, शुद्ध डचमध्ये म्हणाली, "शी! किती बोअर आहे हे! तुम्हाला पण वैताग येतो ना?"

गृहस्थांनी चष्मा काढला. म्हणाले, "बावीस वर्षं झाली. विचारणारी तू पहिलीच."

चौथा फॉर्म भरावा लागला नाही.

* * *

त्या वसंतात माझे सासरे, आप्पा, सांगलीहून आमच्याकडे तीन महिन्यांसाठी आले. तीस वर्षं खो-खोचे पंच. आठवड्यात कंटाळले. मार्तिना घरी आली होती तेव्हा त्यांनी स्वतः शेवयांची खीर केली. मार्तिनाने वाटीतली एक शेवई चमच्याने वर उचलली.

"गोड पास्ता? दुधात?"

तीन वाट्या खाल्ल्या. जाताना दारात हळूच म्हणाली, "माझ्या आजीला सांगू नका."

* * *

क्लबच्या स्पर्धेत विमना पट्टीपाशी बसायला माणूस हवा होता. पाय पट्टीच्या आत असेल तर पांढरा झेंडा, पुढे गेला तर लाल. आप्पांना खुर्ची मिळाली, दोन झेंडे मिळाले, आणि ते दहा वर्षांनी तरुण झाले.

मार्तिनाची टाच बरी झाली होती. इटलीच्या ज्युनियर संघासाठी तिला तेरा मीटर हवे होते. आता दोनच संधी उरल्या होत्या, ही आणि दोन आठवड्यांनी बेल्जियममधली. शेवटची उडी. ती उडाली आणि वाळूत पडली तेव्हाच आम्हाला कळलं, तेरा झाले! इरा नाचायला लागली. विमनी चक्क टाळी वाजवली.

आप्पांनी लाल झेंडा वर केला.

पट्टीपुढच्या मऊ प्लॅस्टिसिनवर बुटाच्या टोकाचा ठसा होता. नखाएवढा.

गाडीत निखिल म्हणाला, "आप्पा, अर्धा सेंटिमीटर हो!"

"अर्धा सेंटिमीटर असो नाहीतर अर्धा फूट. फाउल तो फाउल."

रात्री जेवताना इरा आजोबांशी कुठल्याच भाषेत बोलेना.

दुसऱ्या दिवशी सकाळी दारात सायकल थांबली. मार्तिना! मला वाटलं, आता भांडण. ती आत आली आणि आप्पांसमोर बसली. इरा मध्ये दुभाषी.

"माझा पाय कसा पडला ते सांगा," ती म्हणाली. "बाकी सगळे वाळूकडे बघत होते. माझ्या पायाकडे फक्त तुम्ही बघत होतात."

आप्पांनी सांगितलं. शेवटच्या दोन पावलांत ती पट्टीकडे खाली बघते आणि पाऊल ताणते. तशीच दोघं बाहेर गेली. पार्किंगमध्ये खडूने रेघ मारली. साठी-सत्तरीतला माणूस कमरेवर हात ठेवून उभा आणि ही धावतेय, परत जातेय, धावतेय. शेजारच्या डच आजी खिडकीत खुर्ची घेऊन बसल्या.

दोन आठवड्यांनी बेल्जियम. आप्पा यावेळी प्रेक्षकांत, हात गुडघ्यांवर, नजर पट्टीवर. मार्तिना मान वर ठेवून धावली. पांढरा झेंडा. तेरा मीटर आणि वर थोडंसं! मार्तिना रडत होती, पाओलाला फोन लावत होती, विम पाठ फिरवून नाक पुसत होते.

मी वळून पाहिलं तर आप्पा कपाळाला आठ्या घालून बसलेले.

"अहो आप्पा, झाली की निवड!"

"पाहिलं मी," आप्पा म्हणाले. "पाय चार बोटं मागे होता. चार बोटं फुकट घालवली पोरीने!"

* * *

आता शेवटचा.

मार्तिनाला युरोपातल्या ज्युनियर मुलींच्या मोठ्या स्पर्धेत पदक मिळालं, हे सगळ्यांना माहीत आहे. रौप्य. शेवटच्या उडीत ती पाचव्या नंबरवरून दुसऱ्यावर गेली. त्या उडीचा व्हिडिओ मंडळाच्या ग्रुपवर निदान वीस वेळा फिरलाय. पण प्रत्यक्ष तिथे असूनही ती उडी न पाहिलेली दोन माणसं आहेत.

पाओलाने तोवर मुलीची एकही स्पर्धा बघितली नव्हती. तिच्याने बघवतच नसे. मुलगी उडत असताना ही घरी बसून कपड्यांना इस्त्री करायची. यावेळी मार्तिना म्हणाली, "मम्मा, तू येणार नसशील तर मीही जात नाही." म्हणून ती आली, आणि मला धरून आणलं, कारण एकटीला भीती वाटते.

आम्ही बरोबर खड्ड्यासमोर बसलो. पहिल्या उडीला पाओलाने माझा हात धरला आणि डोळे घट्ट मिटून घेतले. मग माझी कॉमेंट्री सुरू. "धावली... उडाली... उतरली... पांढरा झेंडा." तेव्हा ती श्वास सोडायची. दुसरी उडी तशीच. तिसरी फाउल, तेव्हा माझ्या हातावर तिच्या नखांचे ठसे उमटले. चौथी, पाचवी. माझा हात बधिर.

शेवटची उडी. मार्तिना पाचवी होती. तिने दोन्ही हात वर करून टाळ्या मागितल्या. अख्खं स्टेडियम लयीत टाळ्या वाजवायला लागलं. ती एकदा पुढे झुकली, एकदा मागे.

"सांग," पाओला म्हणाली. डोळे मिटलेले.

"उभी आहे," मी म्हटलं. "पुटपुटतेय... निघाली..."

आणि मग टाळ्यांचा वेग वाढला, आणि मग एकदम प्रचंड आरडाओरडा झाला. पायाखालची फळी हलायला लागली. लोक उभे राहिले.

"काय झालं?" पाओला ओरडली. "मंजिरी! काय झालं?"

"मला काय माहीत!" मी म्हटलं.

"म्हणजे?"

"मीपण डोळे मिटलेत!"

"मग उघड ना!"

"तू उघड! तुझी मुलगी आहे!"

"म्हणूनच तू उघड!"