मगरीच्या मॅडम

टीव्हीवर मगरीचा भयपट लागला की पांचाळ मॅडम सोफ्यावर पाय वर घेऊन बसायच्या. बिलोलीच्या कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवणाऱ्या, मगरींवर पीएच.डी. केलेल्या या बाई पडद्यावरचं पाणी जरा हललं की माझा दंड घट्ट धरायच्या. मी त्याच कॉलेजात नुकतीच मराठी शिकवायला लागले होते आणि त्यांच्याच घरात वरच्या खोलीत भाड्यानं राहत होते. रविवारी दुपारी जिन्यातून हाक यायची, "ये गं, मगर आली!" मग त्या सिनेमाभर भ्यायच्या आणि सिनेमाभर भांडायच्याही. "बघ, वाघासारखी डरकाळ्या फोडून राहिली! आणि एवढी माणसं खाऊन परत भूक? खरी मगर एकदा पोटभर खाल्लं की कितीतरी दिवस उन्हात पडून ऱ्हाते."

"सगळं खोटं आहे हे माहीत असून भीती कशी वाटते?" मी एकदा विचारलं.

"डोक्याला माहीत हाय गं. पायाला कुठं माहीत हाय?"

भ्यालेल्या माणसाला त्या कधी हसल्या नाहीत. वर्गात एखादी मुलगी बेडकाला हात लावायला कचरली तर म्हणायच्या, "घाई न्हाई. आधी नुसतं बघ." सुट्टीत दुर्बीण घेऊन त्या मांजरा नदीच्या काठाकाठानं हिंडत. तिथली गावं त्यांना 'मगरीच्या मॅडम' म्हणत.

एका उन्हाळ्यात त्यातल्याच एका गावात पार्वतीबाई नावाची एक बाई नदीवर धुणं धूत असताना मगरीनं तिचा उजवा हात धरला. बायकांनी दगडांचा मारा केला तेव्हा कुठं मगरीनं तो सोडला. हात राहिला, पण कोपरात कायमचा आखडला. जवळच वाळूत मगरीनं अंडी घातली होती. पार्वतीबाईचा मुलगा दत्ता पहार घेऊन ती फोडायला निघाला. वनखात्याची माणसं आली, अंड्यांना हात लावणं गुन्हा आहे असं बजावून निघून गेली. गाव आणखीच खवळलं.

मॅडम मला घेऊन तिथं पोचल्या तेव्हा दत्ता पारावर बसला होता. "तुमची मगर तुमच्या घरी न्या, मॅडम," तो म्हणाला. "माझ्या मायचा हात गेलाय."

"तुझं बरोबर हाय," एवढंच बोलून मॅडम वळल्या. मला वाटलं, आता वनखात्याच्या मोठ्या साहेबांकडे तक्रार जाणार. मॅडम गेल्या नांदेडच्या दवाखान्यात, पार्वतीबाईकडे. एका हातानं विंचरता येत नव्हतं म्हणून तिच्या केसांच्या जटा झाल्या होत्या. मॅडमनी तेल लावून एकेक गुंता सोडवला, वेणी घातली आणि परत आल्या. पुन्हा गेल्या, पुन्हा वेणी घातली. मगरीचं नाव नाही. शेवटी पार्वतीबाईच म्हणाली, "मॅडम, तुमाला त्या मगरीचं काय तरी बोलायचंय. बोला की."

मॅडमच्या हातातला कंगवा थांबला. "तुझ्यापाशी कोणत्या तोंडानं बोलू, बाई?"

"ती कामून चावली, तेवढं सांगा."

"तिथं तिची अंडी हायत. तू न्यायला आलीस असं वाटलं असंल तिला."

पार्वतीबाईनं दत्ताला बोलावून घेतलं. "चावली ती. अंड्यांनी काय केलंय? ऱ्हाऊ दे."

"मग बायांनी धुणं कुठं धुवायचं?" दत्तानं चिडून विचारलं.

"ते आपण बघू," मॅडम म्हणाल्या. अंड्यांपासून लांब, वरच्या अंगाला, बांबू आणि लोखंडी जाळीचं कुंपण घालून पाण्यातच धुण्याची जागा आखायचं ठरलं. दत्तानं पोरं जमवली. जाळी ओढायला मॅडम स्वतः पाण्यात उतरल्या. उतरताना त्यांनी माझा दंड घट्ट धरला, सिनेमात धरायच्या तसाच.

पिल्लं निघायची वेळ झाली तेव्हा मॅडमनी गावाला पलीकडच्या काठावर बसवलं. नुकतं उजाडलं होतं. वाळूखालून बारीक चिवचिव ऐकू यायला लागली. मगर पाण्यातून वर आली, वाळू उकरली आणि तिनं एक पिल्लू जबड्यात उचललं.

"अगं बया, खाल्लं लेकरू!" एक बाई किंचाळली.

मगर सावकाश पाण्यात उतरली. जबडा उघडला, मान हलवली, आणि पिल्लू पोहत बाहेर पडलं. ती दुसऱ्यासाठी परत फिरली. दवाखान्यातून परतलेल्या पार्वतीबाईनं गळ्यातल्या झोळीत बांधलेल्या आपल्या हाताकडे पाहिलं. "त्याच तोंडानं," ती हळूच म्हणाली.

पुढं काही वर्षांनी मॅडमना कॅन्सर झाला. शेवटी शेवटी त्या कुणाला भेटत नसत, पण पार्वतीबाई गावाहून आली तेव्हा त्यांनी उशीला टेकून बसवायला सांगितलं. तिनं डाव्या हातानं चमच्यानं त्यांना लिंबाचं सरबत पाजलं.

"ह्या साली बी पिल्लं निघाली बगा."

"तू गेली होतीस?"

"हाव. दत्ता घेऊन गेला. लांबूनच बगितली. अजून लई भ्याव वाटतं, मॅडम."

"वाटू दे. मलाबी वाटून राहिलंय."

"मगरीचं?"

मॅडमनी नुसती नकारार्थी मान हलवली. पार्वतीबाईला काय कळायचं ते कळलं. तिनं पिशवी कॉटखाली सारली, दत्ताला गावी परत पाठवलं आणि पदर खोचून त्यांच्या उशाशी बसली. "मंग मी हाय हितंच," ती म्हणाली.

मॅडम गेल्या तेव्हा त्यांचा हात तिच्या हातात होता.