अस्वलासाठी वेगळं पान

आई गेली त्या हिवाळ्यात बाबांना मी पुण्याहून नॉटिंगहॅमला घेऊन आले. माझ्या हॉस्पिटलच्या शिफ्ट बारा-बारा तासांच्या. डबे करून फ्रिजमध्ये ठेवायचे, वर चिठ्ठ्या: सोमवार, मंगळवार. घरी यावं तर डबे जसेच्या तसे! "अगं, खाल्लं की उभ्या उभ्या बिस्किट," म्हणायचे. महिनाभरात शर्टाची कॉलर सैल झाली. मला भीती वाटायची, आणि भीती वाटली की मी चिडते. चिडायचे, ओरडायचेसुद्धा. आता आठवलं की लाज वाटते.

एका रविवारी त्यांना ओढतच एका जपानी कॅफेत नेलं. त्या लोकांचं सगळंच अजब. गिऱ्हाईक एकटं असलं की समोरच्या खुर्चीत भलंमोठं कापडी अस्वल आणून बसवतात, एकटं वाटू नये म्हणून. त्यांच्याकडे म्हणे अशी हॉटेलंच असतात. बाबांसाठी मी करी-भात सांगितला, स्वतःला नेहमीसारखा नुसता चहा. तेवढ्यात वॉर्डातून फोन आला, म्हणून बाहेर गेले ती चांगली वीस मिनिटं.

परत येते तर माझ्या खुर्चीत अस्वल! त्याच्यापुढे करी-भाताची वेगळी प्लेट, आणि बाबा त्याला आग्रह करतायत, "घ्या हो, लाजू नका."

"अहो बाबा, हे काय?"

"अगं, त्या मुलीने याला आणून बसवलं आणि पान एकट्या मलाच वाढलं. समोरचा उपाशी असताना आपण कसं सुरू करायचं? म्हटलं, याचंही आण."

मी हसले, पोट धरून हसले. मग त्यांच्या प्लेटकडे लक्ष गेलं. शीतही उरलं नव्हतं. आमच्या घरी आई स्वतःचं पान घेऊन समोर बसल्याशिवाय बाबांनी कधी पहिला घास घेतला नाही. हे मला ठाऊक नव्हतं का? डोळ्यांदेखत पाहत मोठी झाले की मी!

पुढच्या रविवारी बाबा सकाळीच तयार. "मला तेवढं त्या हॉटेलात सोड."

"आणि मी?"

"तू कशाला थांबतेस? तुला कुठे भूक असते."

टोमणा नव्हता हो तो. टोमणा असता तर मी भांडले असते.