सात नंबरचं पाणी

पाणीमामांना त्यांचं खरं नाव कुणी विचारलं, तर उत्तर द्यायला त्यांनाच क्षणभर वेळ लागायचा. एकतीस वर्षं सगळ्यांनी त्यांना पाणीमामाच म्हटलं होतं. साहेब तसंच म्हणायचे, नाक्यावरचा पहारेकरी तसंच म्हणायचा आणि बायकोसुद्धा शेजारणीशी बोलताना ‘पाणीमामा आले बरं का’ असं म्हणून हसायची.

काम सरळ होतं. राष्ट्रीय उद्यानातले पाणवठे उन्हाळ्यात भरायचे. उद्यान म्हटलं की माणसाला झोपाळे आणि घसरगुंड्या आठवतात, पण या उद्यानाच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकाला जायला जीपला पाच तास लागत. त्यात सिमेंटच्या बावीस बशा. बशा म्हणजे जमिनीत बसवलेल्या उथळ टाक्या, जनावराला सहज उतरून पिता येईल अशा. चार उन्हाळी महिने मामा आणि त्यांचा टँकर या बशा भरत हिंडायचे. टँकर मामांपेक्षा थोडाच तरुण होता आणि चढावर दोघंही सारखेच खोकायचे.

मामा घरी फारसे बोलत नसत. जेवायला बसले की खाली मान, ताट साफ, की उठले. बायको म्हणायची, ‘भिंतीशी संसार केला असता तर निदान प्रतिध्वनी तरी आला असता.’ पण हाच माणूस पाणवठ्यावर गेला की त्याची जीभ सैल सुटायची. विशेषतः सात नंबरच्या बशीवर, पश्चिमेच्या पठारावर. तिथे भुऱ्या यायच्या.

भुरी हे तिथलं सगळ्यात दुर्मीळ हरीण. भुरकट अंग, लांब कान आणि चेहऱ्यावर कायम कुणीतरी काहीतरी बोलल्यासारखा रुसवा. पश्चिमेच्या पठारावर त्या नऊच उरल्या होत्या आणि उत्तरेच्या पठारावर चाळीसेक. बाकी जगाला त्या सारख्याच दिसायच्या, पण मामांना एकेक ओळखू यायची. पुढे पुढे करणारी ती सासूबाई. कान फाटलेली ती वाकडी. एक नकटी, एक लंगडी आणि एकुलता एक नर, त्याचं नाव मामंजी. टँकरचा आवाज आला की त्या वीस पावलांवर येऊन उभ्या राहायच्या. ‘काय सासूबाई, आज उशीर?’ असं विचारत मामा पाइप सोडायचे.

चार वर्षांपूर्वी डॉक्टरबाई आल्या. कुणाला कधी गोळी दिली नाही, तरी सगळे त्यांना डॉक्टरच म्हणायचे. त्यांचं शिक्षण जनावरं आणि गवताचं. त्यांनी वर्षभर पठार पायाखाली घातलं आणि सांगितलं की पश्चिमेच्या आठ बशा बंद करायच्या. उन्हाळ्यात पठार जसं पूर्वी कोरडं पडायचं तसं पडू द्यायचं. तीन वर्षं बघायचं, भुऱ्या वाढतात का. वाढल्या तर उत्तरेच्या बशाही बंद करायच्या.

मामांचं डोकंच फिरलं. ‘पाणी तोडून जनावर वाचवणार! उद्या म्हणतील, पोरं धडधाकट व्हायला हवी तर उपाशी ठेवा.’ पण हे ते टँकरच्या केबिनमध्ये, काचा वर करून म्हणाले. कारण त्यांची लेक डॉक्टरबाईंच्याच हाताखाली लागली होती. झाडांना बांधलेल्या कॅमेऱ्यांतले फोटो गोळा करायचे, कोणतं जनावर कधी आलं ते लिहायचं, हे तिचं काम. आपली मुलगी जंगलात पाण्याच्या टँकरवर नाही, तर कॉम्प्युटरवर काम करते, याचा मामांना इतका अभिमान होता की डॉक्टरबाईंशी भांडण परवडणारं नव्हतं.

आता टँकर चालवणाऱ्यांचा एक नियम असतो. अर्धी टाकी घेऊन उतरणीला लागायचं नाही. टाकी गच्च भरलेली चालते, रिकामी चालते, पण अर्धी असली की ब्रेक दाबताच आतलं पाणी पुढे धावतं आणि गाडीला ढकलत नेतं. त्यामुळे उरलंसुरलं पाणी उतरणीआधी खडकावर सोडून द्यायचं. मामांच्या परतीच्या वाटेवर पश्चिमेच्या घाटाची उतरण जिथे सुरू होते, तिथून दोनशे पावलांवर सात नंबरची बशी.

पहिल्या उन्हाळ्यात मामांनी टँकर खडकापाशी थांबवला, नळावर हात ठेवला आणि समोर पाहिलं. कोरड्या बशीत सासूबाई उभ्या होत्या. मामांनी गाडी दोनशे पावलं पुढे घेतली. टाकून द्यायचंच होतं, तिथे टाकलं, एवढंच. नियम मोडला असं त्यांना वाटलंच नाही.

मग दर मंगळवारी तसंच व्हायला लागलं. हळूहळू इतर बशा जरा कमी भरल्या जाऊ लागल्या आणि जिथे बादलीभर उरायचं तिथे अर्धी टाकी उरू लागली. झाडावरचा कॅमेरा पायवाटेकडे तोंड करून होता, म्हणून मामा मागच्या बाजूने यायचे. लेक महिन्यातून एकदा तिथली कार्डं आणायला जायची. ती कधी जाणार हे घरीच कळायचं, तेव्हा त्या आठवड्यात मामा शहाण्यासारखे पाणी खडकावर सोडायचे. पाण्यावर रानम्हशीही यायच्या, चांगल्या शे-दीडशे. कडेच्या मातीत बिबट्याचे पंजे दिसायचे. येऊ देत, तहान काय एकट्या भुऱ्यांनाच लागते, असं म्हणून मामा खुशीत घाट उतरायचे.

तीन उन्हाळे असे गेले.

तिसऱ्या वर्षाच्या शेवटी मोठी बैठक ठरली. तिच्या दोन दिवस आधी लेक जेवणाच्या टेबलावर लॅपटॉप मांडून बसली होती. बायको बाजूला कपड्यांच्या घड्या घालत होती. मामा सहज येऊन उभे राहिले.

‘ही सासूबाई,’ ते पडद्यावर बोट ठेवून म्हणाले. ‘ही वाकडी. ही लंगडी, पण फोटोत कळत नाही.’ एका दमात त्यांनी नऊच्या नऊ ओळखल्या. घरात इतकं बोलताना ते क्वचितच दिसायचे.

‘अहो, मग यातलं लेकरू कुठलं?’ बायकोने घडी घालता घालता विचारलं.

‘लेकरू म्हणजे ही नकटी. सगळ्यात धाकटी. हिचं नाव मी ठेवलं तेव्हा...’ मामा थांबले. नकटीचं नाव ठेवलं तेव्हा टँकरला नवं इंजिन बसलं होतं. त्याला नऊ वर्षं झाली होती.

‘तिच्यानंतरची?’ बायकोने विचारलं.

नकटीनंतर मामांनी एकही नाव ठेवलं नव्हतं. नऊ वर्षं ते त्याच नऊ जणींना पाणी पाजत होते. नऊ आल्या, नऊ आहेत, सगळं ठीक आहे, असं म्हणत घरी येत होते. कळप म्हातारा होत चालला होता आणि रोज तोंडाकडे बघणाऱ्या माणसाला ते दिसलं नव्हतं. ते खुर्ची ओढून बसले.

‘पिल्लं होतात बाबा,’ लेक पडद्याकडे बघत म्हणाली. ‘गेल्या तीन वर्षांत चौदा झाली.’

‘चौदा? मग मला कशी दिसली नाहीत?’

तिने एकेक फोटो पुढे केला. आईमागे लटपटणारं पिल्लू. तेच पिल्लू दोन दिवसांनी. मग एकटी आई. पुन्हा दुसरं पिल्लू, आणि पुन्हा एकटी आई. चौदाही वेळा असंच. महिन्याच्या वर एकही जगलं नव्हतं.

‘भुरी पिल्लाला उंच गवतात दडवते आणि लांब चरायला जाते. गवत असेल तर पिल्लू वाचतं. हे दहा वर्षांपूर्वीचं पठार, पश्चिमेला बशा बसवल्या त्याच्या आधीचं, बघा.’ फोटोत माणसाच्या कमरेएवढं गवत होतं. ‘आणि हे आत्ताचं.’ दुसऱ्या फोटोत घोट्याएवढं खुरटं काहीतरी. ‘रानम्हशी पाण्याजवळून हलत नाहीत. त्या सगळं चरतात, तुडवतात. त्यांच्यामागे बिबटे येतात. आणि त्यांना उघड्यावर पिल्लू मिळतं.’

‘पण भुऱ्यांना तहान...’

‘त्यांना पाणी लागत नाही बाबा. असलं तर पितात. नसलं तर दवावर आणि कंदमुळांवर निभतं. हजारो वर्षं निभलंय.’ तिने लॅपटॉप बंद केला. ‘पाणी तीन वर्षं बंद असून म्हशी का जात नाहीत, हेच डॉक्टरबाईंना कळत नाहीये.’

ती वडिलांकडे न बघता आत निघून गेली. मामा तिथेच बसून राहिले. बायकोने दोनदा हाक मारली, पण ती त्यांना ऐकू आली नाही. चौदा. आपण दर मंगळवारी ज्या नळावर हात ठेवला, त्याच नळाने. त्यांना स्वतःच्या हाताकडे बघवेना.

बैठकीला मुख्य कार्यालयाचा दिवाणखान्याएवढा हॉल भरला होता. पुढे मोठे साहेब, बाजूला वनरक्षक, मागच्या बाकावर ड्रायव्हर. डॉक्टरबाईंनी पडद्यावर आकडे दाखवले. बोलताना त्यांचा आवाज बसला होता.

‘माझा अंदाज चुकला,’ त्या म्हणाल्या. ‘पाणी बंद करूनही म्हशी गेल्या नाहीत. गवत आलं नाही. पिल्लं वाचली नाहीत. म्हणजे दोष पाण्याचा नव्हता. उत्तरेच्या पठारावरचं पाणी बंद करायची शिफारस मी मागे घेते.’

मोठे साहेब सुटल्यासारखे हसले. ‘मग ठरलं तर. पश्चिमेच्या आठही बशा पुन्हा सुरू आणि उत्तरेला आणखी सहा नव्या. काय पाणीमामा, आता तर खूश ना? तुमचंच खरं ठरलं!’

मागच्या बाकावर टाळ्या पडल्या. कुणीतरी मामांच्या पाठीवर थाप मारली. तीन वर्षांपूर्वी याच शब्दांसाठी त्यांनी जीव टाकला असता. आता त्यांच्या अंगावर काटा आला. उत्तरेला चाळीस भुऱ्या होत्या. तिथे अजून पिल्लं होती. तिथल्या सहा बशा भरायला मामाच जाणार होते.

मामा उभे राहिले. निवृत्तीला अकरा महिने उरले होते आणि समोर लेक बसली होती.

‘बाई,’ ते म्हणाले, ‘पाणी बंद नव्हतं.’

‘म्हणजे?’ डॉक्टरबाईंना खरंच कळलं नाही.

‘सात नंबर मी भरत होतो. दर मंगळवारी. तिन्ही उन्हाळे.’

‘अहो काय बोलताय तुम्ही?’ मोठे साहेब ओरडले. मामांनी उतरण सांगितली, अर्धी टाकी सांगितली, खडक सांगितला. सांगताना ते सगळं इतकं साधं वाटत होतं की त्यांनाच लाज वाटली. डॉक्टरबाई हळूच खुर्चीत बसल्या. संतापाने त्या काही फेकून मारतील असं मामांना वाटलं होतं, तसं झालं असतं तर बरं झालं असतं. त्या फक्त पडद्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी मान वळवून लेकीकडे पाहिलं.

‘एकाही फोटोत टँकर आला नाही?’ त्यांनी विचारलं.

‘तिला काही माहीत नाही!’ मामा घाईघाईने म्हणाले. ‘मी कॅमेऱ्याच्या मागून यायचो. तिला यात ओढू नका.’

‘आला होता,’ लेक म्हणाली.

मामांना वाटलं, आपल्या कानात काहीतरी बिघडलं.

‘दुसऱ्या वर्षी मी एक कॅमेरा वाढवला होता. बशीवर. घरी बोलले नव्हते.’ ती डॉक्टरबाईंना सांगत होती, पण नजर टेबलावर होती. ‘अडुसष्ट फोटो आले. मी काढून टाकले.’

त्यानंतर कोण काय बोललं ते मामांच्या डोक्यात शिरलं नाही. उत्तरेच्या नव्या बशा थांबवल्या, एवढं कानावर आलं. सात नंबरची बशी उद्याच्या उद्या फोडायची ठरली. साहेबांनी टँकरची किल्ली मागितली, ती त्यांनी दिली. लेकीने गळ्यातलं ओळखपत्र काढून डॉक्टरबाईंसमोर ठेवलं आणि डॉक्टरबाईंनी ते परत केलं नाही.

बाहेर पायऱ्यांवर ऊन होतं. बापलेक बसले. चार पावलांवर टँकर उभा होता आणि कुणी दुसराच त्याचं दार उघडत होता.

‘का गं?’ मामांनी विचारलं. ‘एका शब्दाने सांगितलं असतंस, तर मी त्याच दिवशी थांबलो असतो.’

‘सांगणारच होते. कार्ड घेऊन घरी आले होते. तुम्ही आईला सांगत होता, आज नऊच्या नऊ आल्या. हात हलवून हलवून सांगत होता. मी तुम्हाला तसं बोलताना कधी पाहिलं नव्हतं, बाबा. म्हटलं, पुढच्या महिन्यात सांगू. मग त्याच्या पुढच्या.’

मामांना तिच्या डोक्यावर हात ठेवायचा होता. पण हात उचलला जाईना.

‘एक फोटो काढून टाकला तरी डोळ्यांपुढून जात नाही,’ ती म्हणाली. ‘तुम्ही पाइप धरून उभे आहात. हसताय. सासूबाईंशी बोलताय बहुतेक. आणि तुमच्यामागे, अगदी जवळ, त्या खुरट्या गवतात बिबट्या दबून बसलाय.’

‘माझ्यामागे?’ मामा दचकले. ‘मग त्याने मला...’

‘तो तुमच्याकडे बघतच नव्हता, बाबा. तुम्ही त्याला रोजचेच झाला होता. तो पिल्लाकडे बघत होता.’