सुरतेच्या घाटावर घसरलेला माणूस

पुण्याहून निघालो, सुरतेला गाडी बदलली आणि दुपारी नंदुरबारला उतरलो. स्टेशनबाहेर रिक्षात बसेपर्यंत पाच शिंका झाल्या. मिरचीचा हंगाम होता. रिक्षावाला म्हणाला, नव्या माणसाचा पहिला दिवस असाच जातो, मग नाक शहाणं होतं.

माझं काम जुन्या चित्रफिती दुरुस्त करण्याचं. इथले मिरचीचे व्यापारी शांतीलालजी यांनी घरात सापडलेली एक मूक फीत मला पाठवली होती. सुरतेचा तापीकाठ, तीन मिनिटं. त्यांचे आजोबा तरुणपणी सुरतेला पेढीवर होते आणि फितीत तेही आहेत, असं घरात सांगत. त्यांचा फोटो मात्र एकही उरला नव्हता. ओळखू शकेल असं एकच माणूस होतं : आजोबांची लेक, शांतीलालजींच्या नव्वदी ओलांडलेल्या भुआसा (आत्या).

गोदामात पोत्यांवर लॅपटॉप मांडला, भुआसांना समोर खुर्चीत बसवलं. कळसाडीहून माल घेऊन आलेले सुपडूआप्पा सौदा सोडून शेजारी येऊन बसले.

धुणं आपटणाऱ्या बाया दिसल्या, होड्या, म्हशी, दाढी करवून घेणारा एक गृहस्थ. आप्पा म्हणाले, "पानी तं आपलंच शे. आठूनच गयं." (पाणी आपलंच आहे, इथूनच गेलं.) तापी खरोखरच इथून सुरतेला जाते.

शांतीलालजी प्रत्येक रुबाबदार माणसावर बोट ठेवू लागले. घोड्यावरचा? भुआसांनी मान हलवली. छत्रीवाला? नाही. त्यांनी वडील पाहिले ते पिकल्या मिशांचे. हे तरुण चेहरे त्या ओळखणार कशा? शांतीलालजींचं तोंड उतरत चाललं.

अगदी शेवटी एक हडकुळा माणूस पायरीवरून घसरून सपशेल आपटला. बसल्या जागी त्यानं आधी पगडी चाचपली, मग गुडघा. भुआसा ताठ झाल्या.

"हेच बापूजी. पगडी आधी, गुडघा मग. जन्मभर असेच पडले."

शांतीलालजींनी हळूच विचारलं, छत्रीवाला नक्की नाही ना?

"बाप काय निवडून घ्यायचा असतो?" भुआसा म्हणाल्या.

मग बापूजींना अकरा वेळा पाडलं. भुआसा हसता हसता डोळे पुसत होत्या. मिरचीचा खाट लागला असेल, असं शांतीलालजी म्हणाले आणि स्वतःचेही पुसले. जेवायला दाल-बाटी होती. तुपाचा हात कुणी आखडला नाही.

परतीच्या गाडीत मी नोंदवही उघडली. फितीच्या शेवटाबद्दल पुण्यात लिहून ठेवलं होतं : 'अनोळखी इसम घसरतो. अनावश्यक, कापावे.' ते खोडून बापूजींचं पूर्ण नाव लिहिलं. त्या घाटावर आणखी पन्नासेक माणसं आहेत, सगळी नीट चालणारी. त्यांना ओळखणारं कुणी उरलंय की नाही, कोण जाणे.