डावा खांदा

हे मी आजवर कोणालाच सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीला नाही, आणि ज्यांना त्याच दिवशी सांगायला हवं होतं त्या डोंगरे सरांना तर नाहीच. सर आता गेले. तुम्हालाच का सांगते आहे? ते मलाही नीट ठाऊक नाही. ऐका, एवढंच.

पण आधी थोडी बढाई ऐकावी लागेल. तिच्याशिवाय पुढचं कळायचं नाही — आणि खरं सांगू, बढाई मारायला मला आवडतं. मी कामठीची. खो-खो खेळायचे, आणि पळतीला मी उतरले की रस्त्यावरची माणसं सायकली स्टँडला लावून बघत उभी राहायची. ‘हिले सावलीबी शिवत नाही,’ असं आमच्याकडे म्हणायचे. सामन्याच्या दिवशी माझी आई घरात थांबायची नाही, मैदानाच्या कुंपणाशी उभी राहून शेजारणींना सांगायची, ती पाहा, ती माझी.

लोकांना वाटतं, खो-खो म्हणजे वेग. अहो, नुसत्या वेगाचं काय करता? सरळ पळणारी पोरगी एकदोन खोंमध्येच बाद होते. वेग हवाच, पण भर वेगात असताना एका पावलात थांबायचं, वळायचं, बसलेल्या दोघींच्या मधून निसटायचं आणि पलीकडे पुन्हा तोच वेग पकडायचा — ही चपळाई. पाठलाग करणारीला मधली रेषा ओलांडता येत नाही, तिला खो द्यावाच लागतो. ती खो देते तेवढ्यात तुम्ही कुठल्या कुठे. मी डावीकडे जातेय असं दाखवायची आणि उजवीकडून निघायची. माझी हूल भल्याभल्यांना कळली नाही. अजूनही मी शिकवते त्या शाळेच्या मैदानावर मुलींना ती करून दाखवते, या वयात, या गुडघ्यांनी, आणि मुली तोंडात बोटं घालतात.

आणखी एक गोष्ट होती. आम्हाला खो-खो शिकवणाऱ्या डोंगरे सरांचा दंडक होता की हात लागला तर शिट्टीची वाट पाहायची नाही, आपला हात आपणच वर करायचा आणि मुकाट बाहेर यायचं. लहान गटात असताना एकदा मी तसं केलं होतं. पंचांनी पाहिलंच नव्हतं, पण मी हात वर केला. आम्ही तो सामना हरलो आणि माझं नाव मात्र झालं. तेव्हापासून आमच्या भागातले पंच, काही शंका आली की, सरळ मलाच विचारायचे. नियमात बसत नाही ते, पण आमच्याकडे चालायचं. माझा शब्द म्हणजे शब्द. किती अभिमान होता मला त्याचा! आहे म्हणा अजून. तीच तर अडचण आहे.

तर — कन्हानच्या मुलींविरुद्धचा अंतिम सामना. नागपूरच्या संघाची निवड त्याच सामन्यावरून व्हायची होती, निवड करणारे खुर्च्या टाकून बसले होते. कन्हानच्या संघात वंदना नावाची एक मुलगी होती. जाडसर, सावळी, पळायला माझ्या निम्मीही नाही. मी तिला हिशोबातच धरलं नव्हतं. आणि ती? ती आपल्या चौकोनात बसल्या बसल्या माझ्याकडे बघत होती. सगळ्याजणी माझे पाय बघत होत्या, वंदना माझा खांदा बघत होती.

कारण खरी वळायच्या आधी माझा डावा खांदा किंचित खाली जायचा. मला माहीत नव्हतं. सरांनाही कधी दिसलं नाही. तिला दिसलं. शेवटच्या डावात तिला खो मिळाला तेव्हा ती माझ्या मागे धावलीच नाही — मी जिथे पोचणार होते तिथे आधीच झेपावली. मी माझ्याच हुशारीत तिच्या हातात जाऊन पडले म्हणा ना.

मग? मग मी पुढे पळत राहिले.

पंच दोघींच्या मागे राहिले होते, त्यांना दिसलं नाही. वंदना जमिनीवरून उठली, हाताचं कोपर फुटलेलं, आणि पंचांकडे बघून ओरडली. त्यांनी सामना थांबवला, माझ्याकडे आले आणि विचारलं, “सांग बाई, लागला का हात?”

सर माझ्याकडे बघत होते — निर्धास्त. मी काय करणार याची त्यांना खात्रीच होती. आणि मी म्हणाले, “नाही लागला, सर.”

किती सोपं होतं! जीभही अडखळली नाही. वंदना म्हणाली, “लागला. माह्या हाताले लागलं ते मले मालूम नाही का?” पण तिचं कोण ऐकणार? एकीकडे मी, हात वर करणारी म्हणून नावाजलेली, आणि दुसरीकडे ती. पंचांनी तिलाच दटावलं. आम्ही जिंकलो, आणि त्यानंतरची शेवटची मिनिटं मी अशी पळाले, अशी पळाले की बघणाऱ्यांना आजही आठवत असेल. बघा, हे सांगताना अजून छाती फुगते माझी. सुटत नाही.

पण माझा दोष एवढाच असता तर मी कदाचित तो पचवलाही असता. बक्षिसं दिल्यावर त्यांच्या संघाचे सर वंदनाला हाताला धरून माझ्याकडे घेऊन आले. खोटा आळ घेतला म्हणून तिनं माझी माफी मागायची होती, सगळ्यांसमोर. तिनं मान खाली घालून हात जोडले आणि म्हणाली, “चुकलं माहं, ताई.” आणि मी — मी तिच्या पाठीवर हात ठेवला. असू दे, खेळात होतं असं, म्हणाले. मी तिला माफ केलं! लोकांनी टाळ्या वाजवल्या. डोंगरे सरांचे डोळे भरून आले होते.

माझी निवड झाली, पुढे त्या खेळावर नोकरी लागली. वंदना त्यानंतर मैदानावर दिसली नाही. कन्हानच्या मुलींकडून कळलं, गावात पोरं तिला खोटारडी म्हणून चिडवायची, म्हणून घरच्यांनी तिचा खेळ बंद केला. मी काय केलं? घरी कपाटाच्या आरशासमोर उभी राहून खांदा खाली जाऊ न देता वळायची सवय केली. तिनं पकडलेली चूक मी दुरुस्त केली, आणि आज नागपुरातले कितीतरी खेळाचे शिक्षक ‘खांदा बोलू देऊ नका’ हे माझं म्हणून शिकवतात. माझं आहे का ते?

गेल्या वर्षी माझ्याकडे ऋतुजा नावाची मुलगी आली. कळमन्याकडून येते, बसनं. पहिल्याच दिवशी तिची नजर बघून मी चमकले, ती समोरच्या मुलीचे पाय बघतच नव्हती. एकदा सराव संपल्यावर सगळ्याजणी चुरमुरे खात बसल्या होत्या आणि मी नेहमीप्रमाणे सांगत होते, मोठ्या गटात गेल्यावर मला कसा कधी कोणाचा हात लागला नाही ते. ऋतुजा अगदी साधेपणानं म्हणाली, “मॅडम, माही आई म्हणते, तिनं तुमाले एकदा आउट केलं होतं. कन्हानले होती ती तवा.”

सगळ्या मुली माझ्याकडे बघायला लागल्या. इतक्या वर्षांनी माझ्या पुढ्यात आलेली संधी, आणि आता कोण काय हिरावून घेणार होतं माझं? ना निवड, ना नोकरी. मी हसले आणि म्हणाले, “स्वप्नात केलं असन तुह्या आईनं.”

मुली खो खो हसल्या. ऋतुजाही हसली, थोडी उशिरा.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती इतरांच्या आधी आली. बूट बांधता बांधता, माझ्याकडे न बघता म्हणाली, “आईले विचारलं मी. आई म्हणे, मॅडम म्हणते तर तसंच असन. लय साल झाले, माहीच चूक झाली असन.”

लेकीचा खेळ चालू राहावा म्हणून तिनं दुसऱ्यांदा माघार घेतली. मी काय केलं? शिट्टी वाजवली आणि मुलींना पळायला लावलं. ऋतुजा चांगली खेळते, माझ्यापेक्षा चांगली, आणि तिला मी मनापासून शिकवते. त्यानं काही फिटत नाही, ते मला कळतं.

वंदनाची चूक झाली नव्हती. तिनं मला बाद केलं होतं.