खिडकीकडचा पाट

घराला कुलूप लावलं तेव्हा टॅक्सी दारात होती आणि संजय, माझा मुलगा, हॉर्न वाजवत होता. मी किल्ली शेजारच्या सुमनवहिनींच्या हातात दिली. म्हटलं, "पटावरची धूळ पुसा, पण जी सोंगटी उचलाल ती त्याच घरात ठेवा. आणि पाट हलवू नका."

"भाऊजी, तुमच्या आईपास्नं बघत आले मी. मला सांगताय होय?" त्या म्हणाल्या. मग हळूच, "मी आत जाताना खाकरून जाते."

बायको वारल्यावर मला मिरज सोडावी लागली. संजय इथं इंग्लंडात, कॉव्हेंट्रीत हॉस्पिटलात डॉक्टर आहे. मी सुतार, चौथी शिकलेला. सांगण्यासारखं लिहितो, शुद्धलेखन काढत बसू नका. मिरजेतल्या माझ्या माणसांना, आणि माझ्यासारखे जे म्हातारपणी उचलून इकडं आणले गेले त्यांना, एक गोष्ट सांगायची राहिली होती.

माझे आजोबा बुद्धिबळ खेळायचे. दोन महायुद्धांच्या मधला काळ. आमच्या भागातले एक संस्थानिक विलायतेला निघाले, तेव्हा तिथल्या स्पर्धेत खेळवायला आजोबांना बरोबर घेऊन गेले. देशोदेशीचे खेळाडू समुद्रकाठच्या एका हॉटेलात जमायचे. आजोबांच्या डोक्याला फेटा, अंगात कोणाचा तरी ढगळ कोट, आणि टेबलावर टिकटिक करणारं घड्याळ, ते त्यांनी पहिल्यांदाच पाहिलं होतं. साहेबांचे नियम त्यांनी बोटीवर शिकून घेतले. पण एक गोष्ट त्यांना कुणी सांगितलीच नाही. आमच्याकडं मात झाल्याशिवाय डाव संपत नाही. त्यातही प्याद्यानं मात केली तर खरा मान. मात झाली की खेळणारा उठतो आणि आपला पाट भिंतीला उभा करतो. हरत आलो म्हणून मधेच उठून जाणं आमच्याकडं नव्हतंच.

एका डावात साहेबाचा राजा कोपऱ्यात अडकला. चाल साहेबाची. त्यानं हात पुढं केला. आजोबांनी धरला. साहेब उठला, गेला. आजोबांना वाटलं, चहाला गेला असेल.

ते बसून राहिले. हॉल रिकामा झाला. नोकर खुर्च्या उचलायला लागले तेव्हा संस्थानिकांच्या माणसानं त्यांना दंडाला धरून उठवलं. "अरे, जिंकलास तू!"

"मात कुठं झाली?" आजोबा म्हणाले.

मिरजेला आल्यावर त्यांनी तोच डाव खिडकीपाशी जमिनीवर मांडला. आपला पाट खिडकीकडं, समोर साहेबाचा. मग जन्मभर रोज संध्याकाळी तिथं बसले. दुसरा डाव खेळले नाहीत. साहेबाच्या पाटापुढं चहा ठेवायला लावायचे. तो निवायचा, साय धरायचा, आई मोरीत ओतायची. आजोबा गेल्यावर वडील म्हणाले, "डाव मोडायचा नाही. त्याची चाल आहे." तेही गेले, तरी आम्ही मोडला नाही. माझी बायको काही भित्री नव्हती. पण एकदा ऊन नसताना तिनं खिडकीकडच्या पाटावर हात ठेवला आणि लगेच काढला. म्हणाली, "आत्ताच कुणी उठल्यासारखा ऊबदार आहे." त्यानंतर ती त्या खोलीत पाटाकडं पाठ करून कधी बसली नाही.

संजयला घर विकायचंय. त्याची चूक नाही, बंद घर किती वर्षं ठेवणार? मागच्या वर्षी एक गिऱ्हाईक आलं. उंबऱ्यावरूनच सुमनवहिनींना विचारलं, "आत बसलेत ते कोण?" पुन्हा आलं नाही. संजय फोनवर हसला. मी हसलो नाही. त्याला सांगून टाकलं, "डाव पुरा झाल्याशिवाय घर विकायचं नाही."

"बाबा, समोरचा माणूस कधीच मेला असेल!"

"मग त्याच्यामागं कुणीतरी असेल."

हट्टी म्हणा. म्हणतातच.

इथं हिवाळ्यात चार वाजता अंधारतं. हीटिंगचं बिल वाचावं म्हणून काउन्सिलनं, म्हणजे इथल्या नगरपालिकेनं, लायब्ररीत दर गुरुवारी म्हाताऱ्यांना बसायची सोय केलीय. चहा, बिस्किटं, कोपऱ्यात बुद्धिबळाचा पट. मी मफलर डोक्याला गुंडाळून खिडकीशी बसतो. सवयीनं हात चालतो आणि तोच डाव मांडला जातो. समोरची खुर्ची मोकळी ठेवतो. आपल्याकडच्याच एका रिटायर्ड मास्तरनं समजावलं की हात दिला म्हणजे हार मानली, तुमचे आजोबा जिंकले. म्हटलं, जिंकलो का नाही ते आमचं आम्ही ठरवू.

मग एका गुरुवारी चहाचा ट्रे घेऊन मार्गारेटबाई आल्या. माझ्याच वयाच्या, तिथं चहा वाटायला येतात. माझ्याकडं बघितलं आणि थांबल्या. ट्रेमधले कप वाजायला लागले. कुणाची वाट बघताय, असं त्यांनी विचारलं तेवढं मला कळलं. माझ्या मोडक्या इंग्रजीत म्हणालो, हिज मूव्ह. त्या समोरच्या खुर्चीत बसल्या.

तेवढ्यात मला न्यायला सूनबाई आली, मीनल. तिनं पुढचं सांगितलं. सांगता सांगता तिचाही आवाज उतरला.

"बाबा, त्या म्हणतायत, त्यांचे वडील तरुणपणी स्पर्धांत खेळायचे. समुद्रकाठच्या एका हॉटेलात एका हिंदुस्थानी माणसाशी हरले. हात मिळवून निघाले, रस्त्यावरून मागं काचेतून बघितलं, तर तो फेटेवाला तसाच बसलेला. रिकाम्या खुर्चीकडं बघत. त्यांनी त्या दिवसापासून खेळ सोडला. पण बाबा, तो माणूस त्यांना पुढंही दिसायचा. घरात. संध्याकाळ झाली की पुढच्या खोलीत, खिडकीशी, खाली बसलेला. त्यांची आई पडदे ओढून घ्यायची. जाताना वडिलांचे शेवटचे शब्द होते, अजून माझीच चाल आहे."

मला एवढंच सुचलं, "खाली? जमिनीवर?"

मीनलनं विचारलं. मार्गारेटबाईंनी मान हलवली आणि हाताची चार बोटं जमिनीपासून जराशी वर धरली. पाटाएवढी.

हॉटेलात आजोबा खुर्चीवर बसले होते. पाटावर बसले ते मिरजेत.

मी पट त्यांच्याकडं सरकवला. "विचार, वडिलांच्या बाजूनं खेळाल का."

त्यांना सोंगट्या कशा चालतात एवढंच माहीत होतं. बराच वेळ बघत राहिल्या, मग राजा एक घर सरकवला. आमच्या घरात तीन पिढ्यांनी तीच चाल घोकून ठेवलेली. मी घोडा टाकला. त्यांनी हत्ती आडवा आणला. मग त्यांना शेवट दिसला आणि त्यांनी हसून हात पुढं केला.

मी माझे दोन्ही हात मांडीखाली घातले. "नो. नो हँड. मात."

"बाबा, अहो!" मीनल म्हणाली.

पण बाईंना कळलं. त्यांनी हात मागं घेतला आणि राजा हलवला, मरायला. मी प्यादं उचललं. आजोबा, वडील, मी, सगळ्यांनी मनातल्या मनात उचललेलं ते प्यादं. पुढच्या घरात ठेवलं.

"मात," मी म्हणालो. मराठीत. हळू. खिडकीकडं बघायचं टाळलं. उठलो आणि खुर्ची भिंतीला नेऊन लावली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सुमनवहिनींचा फोन. त्या कधी स्वतःहून फोन करत नाहीत.

"भाऊजी, किल्ली अजून कुणाकडं आहे का?"

"नाही. का?"

"आत्ता झाडायला गेले होते. खिडकीकडचा पाट भिंतीला उभा केलाय. पटावरची एकही सोंगटी हललेली नाही. आणि भाऊजी, मी खाकरले, तर खोली मोकळी वाटली. कशी सांगू. रिकामीच."

त्या संध्याकाळी मी संजयला म्हणालो, वीक घर. त्याला आनंद झाला. मला व्हायला हवा होता. इतकी वर्षं इथं थंडीत कुडकुडताना एक आधार होता, तिकडं खिडकीपाशी आपलं कुणीतरी बसलंय. आता मिरज म्हटलं की चार भिंती आणि उभा केलेला पाट दिसतो.

मार्गारेटबाईंबरोबर आता मी नवा डाव मांडलाय. गुरुवार संपतो, डाव संपत नाही. त्या विचार करतात फार. सध्या त्यांचीच चाल आहे.

संजयच्या घरामागच्या शेडमध्ये फळ्या पडल्या होत्या, त्यांचा एक पाट केला. पुढच्या खोलीत खिडकीपाशी मांडलाय आणि तो नवा डाव जसाच्या तसा समोर लावलाय. संध्याकाळी बसतो. मीनल दिवा लावायला येते, तेव्हा दारातून आधी खाकरते. तिला सांगून ठेवलंय, माझ्या मागं हा पाट कुणी उभा करायचा नाही.