हातभर लांब माइक

परवा सोसायटीच्या स्नेहसंमेलनात तळमजल्यावरच्या ग्रेसआंटी गायल्या. तरुणपणी त्यांनी हॉटेलांतून सोल आणि डिस्कोची इंग्रजी गाणी गाऊन माणसं नाचवली होती; आता पंच्याहत्तरी उलटलीय. माइक तोंडापासून चांगला वीतभर लांब धरलेला.

"आंटी, जरा जवळ घ्या," सेक्रेटरी म्हणाले.

"सवय आहे रे. जवळ धरला की स्पीकर फाटायचे!" आंटी हसल्या आणि गाऊ लागल्या.

वरचा सूर आला तसा त्यांचा हात आपसूक आणखी लांब गेला, पार कोपर सरळ होईपर्यंत. आवाज थकतो, पण हाताला ते कोण सांगणार? मागच्या रांगेत मला तो सूर ऐकूच आला नाही. केवढा होता, ते मात्र दिसलं.